आठ पायांचं डिपार्टमेंट

आमच्या झुऑलॉजी डिपार्टमेंटमध्ये दोन गोष्टी आपोआप साचतात. एक धूळ, दुसरे किस्से. धुळीसाठी शकुनबाई आहे, ती रोज सकाळी झाडू मारते. किश्शांना कोणी झाडू लावत नाही, म्हणून सव्वीस वर्षांत इतके झाले की चहाला चार जण बसले की एखादा बाहेर पडतोच. आता तुम्ही बसलाच आहात, तर ऐका राजेहो!

मी बंडू, लॅब असिस्टंट. कॉलेज गडचिरोली जिल्ह्यातलं, तालुक्याच्या गावातलं. मागची भिंत संपली की जंगल सुरू. त्यामुळे आमच्याकडे नमुने विकत आणावे लागत नाहीत, ते स्वतःच चालत येतात.

आमचे हेड भोयर सर. माणूस लाखात एक, पण एका गोष्टीवर त्यांचं डोकं फिरतं. त्यांच्यासमोर कोळ्याला कोणी कीटक म्हटलं की संपलं! खडू हातात घेऊन तिथंच सुरू. "कीटकाला पाय सहा, शरीराचे भाग तीन, डोक्यावर दोन मिशा, बहुतेकांना पंख. कोळी, विंचू, गोचीड यांना पाय आठ, भाग फार तर दोन, मिशा नाहीत, पंख तर नाहीतच. हे अष्टपाद! अरॅक्निड! यांचं खानदानच वेगळं!" लॅबच्या दारावर त्यांनी स्वतःच्या हातानं बोर्ड लिहून लावलाय: 'आधी पाय मोजा, मग बोला.' नवीन प्रिन्सिपल साहेब पहिल्यांदा लॅब बघायला आले, तेव्हा बोर्ड वाचून त्यांनी आधी स्वतःच्या पायांकडे बघितलं आणि मग आत आले!

*

जानकी नैताम आमच्याकडे आली. एटापल्लीच्या पलीकडचं, जंगलातलं गाव. घरी गोंडी बोलतात. त्या गावातून कॉलेजात आलेली ही पहिली पोरगी. सरांनी पहिल्या दिवशी सगळ्यांना विचारलं, "बीएस्सी करून काय करणार?" कोणी म्हणालं फॉरेस्टमध्ये जाणार, कोणी म्हणालं पोलिसात. जानकी उभी राहिली आणि म्हणाली, "आमच्या आश्रमशाळेत विज्ञान शिकवणार. तिथी विज्ञानाले मास्तर टिकतच नाई. आला की सहा महिन्यात बदली करून घेते."

"तू टिकशील?"

"मी कुठी जाणार सर? माझं घरच तिथी हाय!"

सगळा वर्ग हसला. सर हसले नाहीत. मला म्हणाले, "बंडूभाऊ, हिच्याकडे लक्ष ठेवा."

दुसऱ्याच आठवड्यात ती स्टीलचा डबा घेऊन आली. मला वाटलं, पोरीनं घरून काही खायला आणलं. तिनं झाकण काढलं तर आत हा एवढा काळा विंचू, आणि पाठीवर त्याची पांढरी पिल्लं दाटीवाटीनं बसलेली. म्हणजे विंचवीणच म्हणा. अर्धा वर्ग बेंचवर चढला! एक वरोऱ्याचा पोरगा होता, प्रफुल्ल नावाचा, तोंडाचा भारी. तो बेंचवर उभा राहूनच मोजायला लागला आणि ओरडला, "सर, याले तर दहा पाय हाय! तुमचा बोर्ड चुकला!"

सर तोंड उघडणार, तेवढ्यात जानकी वळली. "चालते कोणत्यानं, ते मोज ना! पुढचे दोन चिमटे धरायचे हात हाय. तू काय तुझे हात पायात मोजतो का?"

प्रफुल्लनं खाली बघितलं. बेंचवर चढताना तो खरोखरच हातपाय टेकवून चढला होता. वर्गात असा हशा झाला की बाजूच्या केमिस्ट्रीच्या मॅडम बघायला आल्या.

*

शकुनबाई आणि कोळी यांचं जुनं वैर. बाईचं कामच जाळी काढायचं आणि सरांचं कामच जाळी जपायची. सरांनी एका वर्षी लॅबमधली अकरा जाळी निवडली, प्रत्येकाखाली भिंतीवर खडूनं नंबर टाकला, आणि रोज सकाळी वहीत लिहायचे की आज तीन नंबरवाल्यानं काय खाल्लं, सात नंबरवाल्यानं जाळं कुठं दुरुस्त केलं. मी बाईला सांगून ठेवलं होतं, "बाई, नंबरवाल्याले हात लावू नका."

मग कॉलेजात इन्स्पेक्शनची कमिटी येणार असं कळलं. प्रिन्सिपल साहेबांनी फर्मान काढलं, कुठंही जळमट दिसता कामा नये. शकुनबाईनं आदल्या दिवशी लांब बांबूला झाडू बांधला आणि एक ते अकरा, सगळी साफ! नंबरही ओल्या फडक्यानं पुसले!

सर आले, वर बघितलं आणि खुर्चीत बसले. तीन महिन्यांचं काम. वही मिटून ठेवली. बाईला वाईट वाटलं, पण कबूल कशी करणार! ती म्हणाली, "काऊन रडून राह्यले सर? घर मोडलं म्हणून कोणी गाव सोडते का? मी जाळं झाडलं, कोळी नाई मारले. मी एकालेबी नाई मारलं, सांगून ठेवतो!"

दुसऱ्या दिवशी सकाळी कमिटी लॅबमध्ये शिरली तेव्हा खिडकीच्या चौकटीत गोल, कोरं, टवटवीत जाळं तयार होतं, आणि मधोमध मालक बसलेला. कमिटीतले एक मोठे साहेब थांबले. "हे काय आहे?"

प्रिन्सिपल साहेबांचा चेहरा पडला. भोयर सर पुढे झाले. "सर, हे आमचं जिवंत प्रदर्शन. काल सायंकाळपर्यंत हे नव्हतं. एका रात्रीत विणलंय." आणि मग जे सुरू झाले, ते वीस मिनिटं! मोठे साहेब स्टुलावर चढून भिंगातून जाळं बघत होते. रिपोर्टमध्ये आमच्या डिपार्टमेंटचं वेगळं कौतुक आलं.

शकुनबाई तेव्हापासून कोणालाही सांगते, "ते प्रदर्शन मी लावलं होतं!"

*

आता माझी फजिती सांगतो, नाही तर म्हणाल बंडूभाऊ दुसऱ्याचंच सांगतात.

एका गावकऱ्यानं आम्हाला केसाळ मोठा कोळी आणून दिला होता. सरपण फोडताना सापडला म्हणाला. बशीएवढा! सरांनी त्याला काचेच्या पेटीत ठेवला. आठवड्याला एक झुरळ द्यायचं, माझ्याकडे ती ड्युटी. मला आधी किळस यायची, मग लळा लागला. येता-जाता "काय म्हणता मालक?" असं विचारायचो.

मग मालकांनी खाणं सोडलं. एक दिवस सकाळी येऊन बघतो तर पाठीवर पडलेला, आठही पाय वर. सरांना फोन केला. सर म्हणाले, "गेला असेल तर फॉर्मेलिनमध्ये ठेवा, मी येतोच." शकुनबाईनं पेटीवर सदाफुलीची दोन फुलं ठेवली. काय करणार, दोन वर्षांचा सहवास होता! मी बरणी धुतली, फॉर्मेलिन मोजून ओतलं, लेबल लिहिलं. हे सगळं नीट करता करता दोनेक तास गेले. मग चिमटा घेतला आणि पेटीचं झाकण काढलं.

तेवढ्यात जानकी प्रॅक्टिकलचं जर्नल द्यायला आली. तिनं पेटीत डोकावलं आणि माझा हात धरला. "भाऊ, थांबा! आधी पाय मोजा!"

"अवो पोरी, मेलेल्याचे काय मोजायचे?"

"मोजा तर!"

मी मोजले. आठ. अजून मोजले. दहा, बारा... "सोळा!" मी ओरडलो. "जानकी, सोळा पाय हाय!"

एक कोळी नव्हताच, दोन होते. एक पोकळ, नुसती कात, आणि तिच्याशेजारी एक ताजा, ओलसर, फिकट रंगाचा, पाय हळूहळू सरळ करत असलेला. मालक मेले नव्हते, जुना अंगरखा काढून ठेवत होते! कात टाकताना ते असेच पाठीवर पडतात, म्हणून मी सव्वीस वर्षं पोरांना सांगत आलोय, आणि वेळ आली तेव्हा मीच चिमटा घेऊन निघालो. जानकीला अजून एक मिनिट उशीर झाला असता तर मी जिवंत मालकांना बरणीत बुडवलं असतं.

सर धावतपळत आले. फुलं बघितली, बरणी बघितली, लेबल बघितलं, पेटी बघितली. म्हणाले, "बंडूभाऊ, लेबलवर तारीख टाकून ठेवली का? मोठे घाईचे तुम्ही!"

*

वरोऱ्याला एका शाळेत सरांचं भाषण होतं. मी आणि सर एसटीनं निघालो. माझ्या मांडीवर बरणी, बरणीत विंचू. झाकणाला भोकं पाडलेली, फडकं बांधलेलं, सगळं व्यवस्थित.

कंडक्टर आला. "बरणीत काय हाय?"

"विंचू," सर म्हणाले. खोटं बोलणं त्यांना जमतच नाही.

कंडक्टर दोन पावलं मागं सरकला, मग त्याला आपली ड्युटी आठवली. "सर, जनावराले तिकीट लागते. कोंबडीले लागते, बकरीले लागते. किडा असन तर फुकट. किडा हाय ना हा?"

सोपा प्रश्न होता, हो म्हणायचं आणि सुटायचं. मी सरांना कोपर मारलं. सर म्हणाले, "नाही. हा कीटक नाही. याला आठ पाय आहेत."

"अवो सर, मी तुमच्याच भल्याचं सांगून राह्यलो. एकदा किडा म्हणा, मी पुढं जातो."

"म्हणा ना सर!" मागून कोणी तरी म्हणालं. मग अख्खी बस. "म्हणा ना सर, काय जाते तुमचं!"

सर उभे राहिले. बस हलत होती, एका हातानं वरचा दांडा धरला आणि दुसऱ्या हाताची बोटं मोजत सुरू! सहा पाय आणि आठ पाय, मिशा आणि बिनमिशा. ड्रायव्हरनं गाडी हळू केली, त्यालाही ऐकायचं होतं. शेवटी सर म्हणाले, "त्यामुळे मी याला किडा म्हणणार नाही. तुम्ही तिकीट फाडा!"

कंडक्टरनं गंभीरपणे तिकीट फाडलं आणि सरांच्या हातात दिलं. मग शेजारच्या सीटवर बसलेल्या म्हाताऱ्या बाईला तितक्याच गंभीरपणे म्हणाला, "बाई, तिकडं सरका जराशा. बरणीचं तिकीट झालं, तिले सीट पाहिजे."

वरोऱ्यापर्यंत विंचू खिडकीपाशी बसून आला!

*

ताडोब्याची सहल. पोरं महिनाभर एकच बोलत होती, वाघ दिसला पाहिजे. सकाळी जिप्सीत बसलो. एका जिप्सीत सर, मी, जानकी, प्रफुल्ल आणि अजून दोघं. दोन तास फिरलो, चितळ दिसले, रानगवा दिसला, वाघ काही नाही.

एका वळणावर सर ओरडले, "थांबा!" ड्रायव्हरनं करकचून ब्रेक मारला. दोन झाडांच्या मध्ये, रस्त्याच्या कडेला, सोनेरी धाग्यांचं भलंमोठं जाळं, आणि त्यात तळहाताएवढी कोळीण. तिच्या पाठीच्या बाजूला तांदळाच्या दाण्याएवढा एक कोळी चिकटून बसलेला.

"हा तिचा नवरा," सर कुजबुजले.

"इतकूसा?" प्रफुल्ल म्हणाला.

"चुकलं तर ती त्याला खाऊन टाकते."

जानकी म्हणाली, "म्हणून तो मागून बसून राह्यला!"

सगळे जाळ्यात गुंतलो. डोकी एकाच बाजूला, मोबाइल एकाच बाजूला. पाच मिनिटांनी मागून दुसरी जिप्सी आली. त्यातली माणसं उभी होती, तोंडं उघडी. त्यांचा गाइड आमच्या गाइडकडे बघून डोक्यावर हात मारून घेत होता. झालं होतं असं, की आम्ही जाळं बघत असताना आमच्या पाठीमागून, पंधरा पावलांवरून, अख्खा वाघ रस्ता ओलांडून, थांबून, आमच्याकडे बघून निघून गेला होता!

प्रफुल्ल रडायच्या बेतात आला. "सर! वाघ गेला सर! मागून गेला!"

सरांनी दुर्बीण खाली केली नाही. "जाऊ दे रे. त्याला चारच पाय!"

*

आता जे सांगतो त्यात हसण्यासारखं काही नाही, पण ते सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही.

जानकीचं शेवटचं वर्ष. थिअरीचे पेपर चांगले गेले. प्रॅक्टिकलला बाहेरून एक्स्टर्नल साहेब आले, मोठ्या शहरातल्या कॉलेजचे. प्रॅक्टिकलमध्ये स्पॉटिंग असतं. टेबलावर ओळीनं बरण्या आणि स्लाइड मांडायच्या, मी घंटा वाजवली की पोरांनी पुढच्या नमुन्याकडे सरकायचं आणि नाव लिहायचं. स्लाइड मीच मांडल्या होत्या. त्यात गोचिडाचं नुकतंच अंड्यातून निघालेलं पिल्लू होतं.

आता गंमत अशी, की गोचिडाच्या पिल्लाला जन्मतः सहाच पाय असतात. रक्त पिऊन, कात टाकून मोठं झालं की आठ होतात. जानकीनं लिहिलं, 'गोचिडाचे पिल्लू. अष्टपाद. आत्ता सहा पाय आहेत, पुढे आठ होतील.' साहेबांनी सूक्ष्मदर्शकातून बघितलं, सहा पाय मोजले, आणि लाल पेननं काट मारली. 'कीटक' असं वर लिहिलं आणि शून्य दिलं.

भोयर सरांनी समजावून बघितलं. साहेब दाराकडे बोट दाखवून म्हणाले, "तुमच्याच बोर्डवर लिहिलंय ना, पाय मोजा? मी मोजले. सहा आहेत." आणि त्या वादाचा राग तोंडी परीक्षेत काढला. पोरगी प्रॅक्टिकलमध्ये नापास! प्रॅक्टिकलचं पुन्हा तपासणं होत नाही. एका वर्षानं पुन्हा बसायचं, बस.

मला इतका संताप आला होता की मी दोन दिवस घंटेकडे बघितलं नाही. जानकी रडली नाही. तिचे वडील न्यायला आले होते, गरीब सरळ माणूस. ते सरांना म्हणाले, "सर, एक वर्ष अजून शिकवतो. यावेळेस नाई झालं तर मंग घरीच राहू दे तिले. गावातले लोक म्हणून राह्यले, तुमची पोरगी नापास, आता दुसऱ्या पोरी काऊन पाठवाच्या?" म्हणजे एकटीचा प्रश्न नव्हता. ती नापास झाली की मागच्या सगळ्यांची वाट बंद होणार होती.

*

महिनाभरानं जानकी लॅबमध्ये आली. हातात काचेची नळी, तोंडाला कापूस. टेबलावर ठेवली. "सर, बघा."

सरांनी नळी सूक्ष्मदर्शकाखाली घेतली. बराच वेळ बघत राहिले. मग मला बोलावलं. मी बघितलं. छोटे छोटे गोचीड, प्रत्येकाला आठ पाय.

पोरीनं काय केलं होतं? आमच्याकडून अंड्यातून निघालेली पिल्लं घरी नेली होती, गोऱ्ह्याच्या कानात सोडली होती आणि रोज कान उलटा करून बघत होती. वाढली, कात टाकली, आठ पाय आले, तशी उचलून नळीत भरली.

"गोऱ्ह्यानं सोसलं?" मी विचारलं.

"दोनदा लाथ मारली." तिनं पोटरी दाखवली, हिरवीनिळी झाली होती. "पण सर, आठ झाले ना! मी बरोबर लिहिलं होतं!"

सरांनी टेबलावर हात आपटला. "बरोबर होतं! शंभर टक्के बरोबर होतं!" शकुनबाईनं चहा आणला, बिस्किटं आणली, आणि आम्ही चौघांनी त्या नळीभोवती बसून असा जल्लोष केला की विचारू नका. मार्क काही मिळणार नव्हते. पण त्या दिवशी आमचं डिपार्टमेंट जिंकलं होतं, मग कोणी काही म्हणो.

नापास होऊन परत परीक्षेला बसणारी मुलं खाली मान घालून येतात. जानकी त्यानंतर वर्षभर मान वर करूनच यायची.

*

वर्ष गेलं. प्रॅक्टिकलची तारीख आली. एक्स्टर्नल म्हणून कोण येणार? तेच साहेब!

ते गाडीतून उतरताना दिसले, तसा मी पळत जाऊन सरांना सांगितलं. भोयर सरांनी मला बाजूला घेतलं. "बंडूभाऊ, मी आज एक शब्द बोलणार नाही. मागच्या वेळी मी वाद घातला, भोगलं तिनं." त्यांनी खरंच तोंड मिटून घेतलं. त्या माणसासाठी हे सोपं नव्हतं.

स्पॉटिंग झालं. मी घंटा वाजवत होतो आणि प्रत्येक घंटेला जानकीकडे बघत होतो. तिनं सगळं लिहिलं. मग तोंडी. साहेबांनी तिचं नाव मुद्दाम शेवटी ठेवलं. यादीवर बोट ठेवून म्हणाले, "तुम्हीच ना त्या, सहा पायाचे आठ करणाऱ्या?"

"हो सर."

"सांगा, कीटक आणि अष्टपाद यांच्यात फरक काय?"

तिनं धडाधड सांगितलं. पाय, शरीराचे भाग, मिशा, पंख, डोळे, जबडे. कुठंही अडखळली नाही. साहेब म्हणाले, "पाठांतर चांगलं आहे." आणि खुर्चीत मागं टेकले.

एप्रिलचा महिना, खिडकी उघडी. खिडकीबाहेर आंबा आणि त्याच्या फांद्यांवर पानं शिवून केलेली लाल मुंग्यांची घरटी. फांदीवरून मुंग्या खिडकीच्या गजावर, गजावरून टेबलावर येत होत्या. त्यातली एक साहेबांच्या फाइलवर चालत होती. साहेबांचं लक्ष गेलं. त्यांनी पेनाचं टोक तिच्यासमोर धरलं.

"पाठांतर बाजूला ठेवा. हे काय आहे ते सांगा. बरोबर सांगितलं तर पूर्ण मार्क देतो. चुकलं तर..." ते भोयर सरांकडे बघून हसले. "तुम्ही साक्षीदार."

मी पुढं वाकून बघितलं. लाल मुंगी! कोणीही सांगितलं असतं. लालसर अंग, बारीक कंबर, पुढं दोन मिशा हलताहेत. सुटली पोरगी, मी मनात म्हटलं.

जानकीनं वाकून बघितलं. म्हणाली, "कोळी आहे, सर."

भोयर सरांनी डोळे मिटले.

साहेब खूश झाले. "कोळी? मिशा दिसत नाहीत? तीन भाग दिसत नाहीत? पाय सहा. वर्षभरात एवढंही शिकला नाहीत? एकदा विचार करून परत सांगा. मी लिहायला लागलो की लिहिलं."

म्हण ना पोरी, मुंगी म्हण! माझ्या ओठावर आलं होतं. एक शब्द, की डिग्री हातात. वडील बाहेर व्हरांड्यात बसले होते, मला दारातून त्यांचा खांदा दिसत होता.

"कोळीच हाय, सर," जानकी म्हणाली. "बोटावर घ्या त्याले. भिऊ नका, ते चावत नाई."

"चावली तर मुंगी, मान्य?"

"मान्य."

साहेबांनी बोट पुढं केलं. ती चढली. बोटाच्या टोकापर्यंत गेली. चावली नाही. साहेबांनी बोट झटकलं, तशी खाली पडली. आम्ही सगळ्यांनी जमिनीकडे बघितलं. जमिनीवर काही नव्हतं.

"सर, वर बघा," जानकी म्हणाली.

बोटापासून वीतभर खाली ती अधांतरी लटकत होती, उन्हात चमकणाऱ्या एका बारीक धाग्याला, गोल गोल फिरत. आणि ज्या मिशा म्हणून पुढं हलत होत्या, ते पुढचे दोन पाय होते, आता त्यांनीच धागा धरून ती सरसर वर चढत होती. साहेबांनी बोट डोळ्यांजवळ नेलं. आम्हाला ऐकू येईल इतक्या मोठ्यानं ते मोजत होते. "पाच... सहा... सात..."

आठ म्हणायला त्यांना जरा वेळ लागला.

साहेबांनी उठून बोट खिडकीबाहेरच्या पानाला टेकवलं, ती उतरून गेली. ते परत येऊन बसले, मार्कशीट ओढली, जानकीच्या नावापुढं लिहिलं आणि कागद सहीसाठी भोयर सरांकडे फिरवला. सरांनी आकडा बघितला, चष्मा काढला, पुसला, परत घातला, परत बघितला. मग सही केली.

मग साहेबांनी जानकीकडे बघितलं. आवाज एकदम उतरला होता. "मॅडम, मी बावीस वर्षं शिकवतोय. हे मला ओळखता आलं नाही. तुम्ही कुठल्या पुस्तकात वाचलंत?"

"पुस्तकात नाई सर," जानकी म्हणाली. "आमच्याकडं लाल मुंगीची चटणी करते. वाटायच्या आधी आई हे निवडून फेकून देते."